खिडकी लावून घ्या

१ मार्च

ही डायरी वखारीच्या मालकाने माझ्या मुलाला फुकट दिली, मागल्या वर्षाची. तारखा बरोबर आहेत, वार चुकीचे. फुकटात दोन्ही बरोबर मिळत नसतात.

लिहायचं कारण असं की घरी नटी येणार आहे. खरी, सिनेमातली. आठवडाभर राहणार, माझ्याकडे बघणार आणि रोज वहीत लिहिणार, असं नातू म्हणाला. तिने माझ्याबद्दल लिहायचं आणि मी तिच्याबद्दल नाही, हे कोणी ठरवलं? माझी शाळा दुसरीपर्यंतच झाली, पण बघायला शाळा लागत नाही.

नियम केले. एक, थोडक्यात लिहायचं. दोन, सुनेबद्दल तक्रार लिहायची नाही.

सुनेने आज पुन्हा चहा पांचट केला. ही तक्रार नाही, नोंद आहे.

२ मार्च

थोडक्यात लिहिलं तर पुढे मलाच कळायचं नाही, म्हणून आज एकदाच सगळं लिहून टाकते.

नातू दिवसा वखारीच्या वजनकाट्यावर बसतो, लाकडाचे ट्रक मोजतो. उरलेला वेळ अ‍ॅकॉर्डियन वाजवतो. मी त्याला भाता म्हणते. आसपासच्या गावांत लग्न असो की मयत, याचा भाता हजर. नाचणाऱ्यांपुढे आणि रडणाऱ्यांपुढे तोच माणूस, फक्त कोट बदलतो. आणि काट्यावर ट्रकची वाट बघत बघत, वजनाच्या पावत्यांच्या पाठीवर, त्याने एक सिनेमा लिहिला.

सिनेमा आमच्याच घरावर आहे. दुसऱ्या देशातून इकडे आलेलं कुटुंब, लहान गाव, लाकडाची वखार. घरात भांडण सुरू झालं की एकजण उठून खिडकी लावतो आणि दुसरा अ‍ॅकॉर्डियन वाजवायला घेतो, आवाज बाहेर जाऊ नये म्हणून. गाव म्हणतं, काय हौशी, सुखी कुटुंब आहे, सदा वाजवत असतं.

हे सगळं खरं आहे आणि साफ खोटं आहे. खिडकी लावत होतो, भाता वाजवत होतो, पण भांडण कधीच नव्हतं. मी बोलत असे. बाकीचे ऐकत नसत, म्हणून मोठ्याने बोलत असे. भांडायला दोन माणसं लागतात. या घरात दुसरं कोणी त्या लायकीचं नव्हतं.

खिडकीची पद्धत आमच्या यांची. इकडे आलो त्याच आठवड्यात हे मला म्हणाले, आपण बाहेरचे. आपल्या घरातला आवाज रस्त्यावर गेला तर उद्या काम जाईल. मी म्हटलं, मग काय तोंड शिवून घेऊ? यांनी थोडा विचार केला आणि जुना भाता विकत आणला. त्याची एक पट्टी दाबली की वरच येत नसे. हे गेल्यावर मुलगा वाजवायचा, अगदी रडका. मग नातवाने घेतला. एवढासा होता, मांडीवर भाता ठेवला की वरून फक्त डोळे दिसायचे. माझं तोंड उघडलं की याची बोटं सुरू. असा हा वादक झाला. आता लोकांना सांगतो, संगीत माझ्या रक्तात आहे. रक्तात कसलं, माझ्या घशात होतं.

आता मुद्दा. नटी माझा रोल करायला हो म्हणाली तर पैसेवाले पैसे घालणार आणि सिनेमा होणार. नाही म्हणाली तर संपलं. नातू म्हणाला, आजी, ती नाही म्हणाली तर मी भाता विकतो आणि काट्यावर पक्का बसतो. मी म्हटलं, मग नाहीच म्हणो. पक्की नोकरी ती पक्की नोकरी.

मला त्या सिनेमाशी काहीही देणंघेणं नाही.

संध्याकाळी पडदे धुतले. ते तसेही धुवायचेच होते.

३ मार्च

सगळ्यांना समोर बसवून सांगितलं. पाहुणी असेपर्यंत या घरात कोणीही आवाज चढवणार नाही. मी तर नाहीच नाही. मुलगा म्हणाला, आई, अगं ती तुझा आवाज ऐकायलाच येते आहे. मी म्हटलं, येणारे काय वाटेल ते ऐकायला येतात. काय ऐकवायचं ते घरच्यांनी ठरवायचं असतं. नातवाने डोकं धरलं. म्हणाला, आजी, तू फक्त नेहमीसारखी राहा.

तेच करणार आहे. नेहमीसारखी, पण नीट.

हिशेब सरळ आहे. बाई शहरातली, मोठ्या लोकांत वावरणारी. तिला कजाग म्हातारी कशाला आवडेल? त्या स्क्रिप्टमधली म्हातारी सुनेने मला वाचून दाखवली, जरा जास्तच रंगवून. प्रत्येक पानावर कोणाला ना कोणाला टाकून बोलते. एका पानावर तर नळाला. मी तशी नाही हे नटीने डोळ्यांनी बघितलं की ती आपण होऊन हो म्हणेल. म्हणजे म्हणो न म्हणो, मला काय.

५ मार्च

नटी आली. वय साठीचं, केस चाळिशीचे. मला आजी म्हणाली. मी गिळलं. म्हटलं, ये बाळ. मुलाला ठसका लागला.

माझी खोली तिला दिली. मी बाहेर बाकावर झोपणार. पाठ धरेल, पण कोणाला सांगणार नाही. सुनेला सांगितलं, मुलाला सांगितलं, नातवाला दोनदा सांगितलं. बाकी कोणाला नाही.

नटी स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात स्टुलावर बसते. मांडीवर वही, हातात शिसपेन्सिल. मी बटाटे सोलत होते. सोलण्यातही एक वळण असतं, ते तिला दाखवलं. साल तुटू दिली नाही.

इकडच्या भाषेचं सांगायचं राहिलं. मला ती ऐकून सगळी कळते, बोलता मात्र दुकानापुरतीच येते. द्या, घ्या, पुरे, आभार. त्या भाषेत मला कोणाला टाकून बोलता येत नाही, त्यामुळे इकडच्या लोकांना मी फार सभ्य वाटत आले आहे. नटी इकडचीच. निम्मं काम आपोआप झालं.

६ मार्च

सकाळी सुनेने दूध उतू घालवलं. शेगडी, ओटा, खाली फरशी, सगळीकडे दूध. मी म्हटलं, असू दे गं, होतं असं कधी कधी. सून हातात फडकं घेऊन तशीच उभी राहिली. मग नवऱ्याला बाजूला घेऊन म्हणाली, आईंचं बीपी बघून घ्या.

नटीने वहीत काहीच लिहिलं नाही. भारावली असणार.

दुपारी

डोकं चढलं आहे. गोड बोलणं मानेत उतरतं, हे मला माहीत नव्हतं. बाथरूममध्ये जाऊन नळ सोडला आणि सकाळच्या दुधाबद्दल जे काही होतं ते बादलीला सांगितलं. बरं वाटलं. बाहेर आले तर नातू दाराला कान लावून उभा. डोळे लकाकत होते. म्हणाला, आजी, हेच. फक्त हे बाहेर येऊन. मी म्हटलं, बाहेर माणसं असतात.

७ मार्च

माझ्याविरुद्ध घरात कट आहे.

मी फरशी पुसली आणि नातू चिखलाचे बूट घालून तिच्यावरून गेला. परत आला. माझ्याकडे बघत पुन्हा गेला. मी म्हटलं, पाय दुखतील रे, बस जरा. मुलाने माझ्या चहात मीठ घातलं. मी कप रिकामा केला आणि म्हटलं, छान झालाय. शेवटी नातवाने नटीसमोर विचारलं, आजी, वाजवून पोट भरतं का, तू नेहमी काय म्हणतेस ते सांग ना. नेहमी मी म्हणते, लोहाराचं घर भात्यावर चालतं, कारण त्याच्या भात्यापुढे लोखंड असतं. तुझ्या भात्यापुढे काय आहे, वारा? पण आज म्हटलं, कला ही फार मोठी गोष्ट आहे.

पोराचं तोंड असं उतरलं, जणू मी त्याचा भाता कात्रीने कापला.

त्याच्याच भल्यासाठी करते आहे. आज कळत नाही, उद्या कळेल. म्हणजे मला सिनेमाशी काही नाही, पण पाहुणीसमोर घराची शोभा नको व्हायला.

पाठ गेली आहे. बाक कोणी केला त्याला एकदा त्यावर झोपवायला हवं.

८ मार्च

नटीने स्वयंपाकघराची खिडकी उघडली, म्हणाली कोंदट वाटतं. जेवताना मुलाने सुनेला विचारलं, वरच्या खोलीची चावी कुठे आहे, आणि विचारता विचारताच उठून खिडकी लावून आला. बिचाऱ्याला वाटलं आता काही तरी सुरू होणार. नटी म्हणाली, हे काय केलंत? तो म्हणाला, सवय. तेवढं एक तिने वहीत लिहिलं.

दुपारी समोरची आली. समोरची म्हणजे रस्त्यापलीकडच्या घरातली. तिचा नवरा वखारीत आमच्या यांचा फोरमन होता. नटीला बघायला आली, निमित्ताला आमचीच किसणी घेऊन, जी नेली तेव्हा माझे दात होते. नटीला म्हणाली, फार सुरेल घर आहे हो हे, रोज वाजवतात. असं म्हणून माझ्याकडे बघून हसली. मीही हसले. इतकी वर्षं समोर राहते, पण कशाचा म्हणून पत्ता नाही त्या बाईला. भोळी आहे.

१० मार्च

जिंकले.

नटी अंगणात फोनवर बोलत होती. पैसेवाल्यांशीच असणार. मी कपडे काढायला गेले होते. वाळले नव्हते, तरी काढले. ती म्हणत होती, बाई फार गोड आहेत हो. फार म्हणजे फारच गोड. मग एक सुस्कारा सोडला. इतकी गोड माणसं शहरात बघायला मिळत नसतील, म्हणून.

नातवाला ही बातमी सांगितली. त्याने खुर्ची ओढून घेतली आणि बसला. मग भात्याचे पट्टे पुसले, पितळी कोपरे पुसले, पेटीत घातला. म्हणाला, वखारीचा मालक विचारत होता, मुलीला शिकवायला घ्यायचा म्हणतो. मी म्हटलं, अरे पण ती मला गोड म्हणाली. तो म्हणाला, हो आजी, ऐकलं.

तरुण पिढीला आनंद कसा करायचा ते कळत नाही.

जेवण गेलं नाही. बटाटे जड असतील.

११ मार्च

सुनेने सगळ्यावर पाणी ओतलं.

सून हॉस्पिटलच्या लाँड्रीत काम करते. आज दुसऱ्या बाईची पाळीही हिच्याच गळ्यात पडली. आली ती भिंतीला धरत आली. भांडी तशीच पडलेली, कारण सकाळपासून नटी मला बघत होती आणि बघवून घेताना दुसरं काही करता येत नाही. मी माझ्या जागेवरून म्हटलं, दमलीस ना बाळ, बस जरा. भांड्यांचं काय, होतील.

एवढंच. यात वाईट काय होतं ते कोणीही सांगावं.

सून म्हणाली, होतील? आणि तिथून जी सुटली, ती इकडच्या भाषेत. तिचा जन्म इकडचा, तिला ती पाण्यासारखी येते. म्हणाली, या घरात लग्न करून आले तेव्हापासून मला कोणी बाळ म्हटलं नाही, आज परकी बाई स्टुलावर बसली म्हणून मी बाळ झाले. या घरात चालणारे हात दोनच आहेत आणि तेही माझे. बाकीच्यांचे नुसते बाहीतून लोंबतात. मुलगा तोवर सवयीने उठून खिडकीशी गेला होता. त्याला म्हणाली, लावा, खिडकी लावा. डोकं लावायची वेळ आली की मात्र तुमच्या हाताला लकवा मारतो. नातवाने भाता पेटीतून काढला. त्याला म्हणाली, वाजव. आई विहिरीत पडली तर तू आधी पट्टी लावून घेशील, मग हाका मारशील.

मी वाक्यावाक्याला दचकत होते, कारण सगळी ओळखीची. हात बाहीतून लोंबतात हे माझं. मुलगा वखारीत लागला त्या दिवशी काढलेलं. खिडकी आणि डोकं हेही माझं. विहिरीचं तर मी नातवाला दर आठवड्याला म्हणते. इतक्या वर्षांत मी जो माल दिला तो हिने एकही फेकला नाही. जपून ठेवला आणि आज इकडच्या भाषेत घालून माझ्याच समोर दुकान मांडलं. दोन-तीन ठिकाणी तिने सुधारणाही केली आहे. ते मी कबूल करणार नाही.

नातवाला ताल सापडेना. सून एका दमात बोलते, मध्ये श्वासाला जागा नाही. त्याने दोनदा सुरू केलं, दोनदा थांबला. तिकडे नटीची पेन्सिल मोडली. तिने नातवाच्या खिशातलं पेन ओढून घेतलं आणि वाकून लिहीत सुटली.

मग सून भांडी घासायला लागली.

मी इतके दिवस जे धरून ठेवलं होतं ते हिने एका दमात सांडलं. आता नटी काय म्हणेल ते ठरलेलंच आहे.

१२ मार्च

नटी हो म्हणाली.

निघताना सुनेचे दोन्ही हात धरून बराच वेळ उभी होती. मला म्हणाली, तुम्ही फार शांत आहात. मी म्हटलं, आभार.

उघड आहे, माझ्यामुळेच झालं. काल तेवढं ऐकूनही मी तोंडातून शब्द काढला नाही, ते तिने बघितलं. माणसाची पारख अशा वेळीच होते. नातवाने मला उचलून गरकन फिरवलं. बरगडी दुखते आहे.

सुनेला मी माफ केलं. तिला अजून सांगितलेलं नाही.

१३ मार्च

खोली परत मिळाली. उशीला वास येतो. झोपून राहिले. बोलायला काही सापडलं नाही.

२ एप्रिल

नातू सकाळपासून माझ्याभोवती घोटाळत होता. मला वाटलं पोट बिघडलं. शेवटी म्हणाला, आजी, स्क्रिप्ट जरा बदललं आहे. नटी सुनेचा रोल करणार.

मी म्हटलं, करू दे की. आणि माझा कोण करणार?

तो म्हणाला, तू आता फोटोत आहेस.

कसल्या फोटोत?

भिंतीवरच्या. सिनेमा सुरू व्हायच्या आधीच तू गेलेली आहेस.

मी म्हटलं, कशाने?

म्हणाला, ते अजून ठरवलेलं नाही.

नटी म्हणे पैसेवाल्यांना म्हणाली, आजी फार गोड आहेत, त्यांच्यात करण्यासारखं काही नाही. सगळी आग सुनेत आहे.

बरं झालं. मला काय त्याचं. निदान फोटोच्या तोंडात कोणी शब्द घालत नाही. शिवाय मी दुपारी नीट विचार केला. फोटो भिंतीवर असणार, म्हणजे स्वयंपाकघरातल्या प्रत्येक सीनमध्ये मी असणार. नटी जाईल, येईल, मी कायम. सगळ्यात मोठा रोल माझाच झाला की. हे अजून कोणाच्या लक्षात आलेलं दिसत नाही. मीही सांगणार नाही.

नातवाने सिनेमासाठी बांधलेला सूरही बदलायला घेतला आहे. काट्यावरून येतो आणि अंगणात बसून काही तरी शोधत राहतो. म्हणतो, जुना सूर होता तो सुनेच्या बोलण्यावर बसत नाही. मी म्हटलं, कोणाच्या बोलण्यावर बसवला होतास मग? तो भात्याचे पट्टे आवळायला लागला. याला सरळ प्रश्नाला सरळ उत्तर देता येत नाही.

९ मे

घरात सिनेमा शिरला आहे. खिडक्यांतून मनगटाएवढ्या जाड वायरी आत घेतल्या आहेत, त्यामुळे खिडक्या उघड्याच. माझं टेबल बाहेर काढून त्यांनी दुसरं टेबल आणलं. विचारलं, याला काय झालं होतं? म्हणाले, ते स्वयंपाकघरातलं वाटत नाही. त्यावर मी आयुष्यभर भाजी चिरली.

नटी सुनेचा एप्रन घालून फिरते. सून तिला भांडी कशी आपटायची ते शिकवते आहे. दोघी हसत असतात. मला हसण्यासारखं काही दिसलं नाही.

उद्या माझा फोटो. आज कमी बोलायचं, चेहरा ताजा राहतो. तसंही हल्ली बोलायला कोणाला सवड नाही.

१० मे

क्रमाने लिहिते.

ठेवणीतले कपडे घातले. फोटोवाल्याने खुर्चीवर बसवलं. पाठ सरळ, हनुवटी वर, डोळ्यांत थोडी माया. तो म्हणाला, आजी, नेहमीसारख्या बसा. सगळ्यांना हेच एक वाक्य शिकवलेलं दिसतं. त्याने पुष्कळ फोटो काढले आणि डायरेक्टरला दाखवले. डायरेक्टर म्हणाला, हे पासपोर्टचे वाटतात. बरोबर आहे. जन्मात एकदाच फोटो काढला होता, इकडे येताना. हलायचं नाही, हसायचं नाही, बोलायचं नाही. तेव्हा शिकवलं तसंच बसले होते.

म्हणाले, आजी, जरा थांबा, तोवर आम्ही खिळा ठोकून घेतो.

लाइटवाला खिळा ठोकायला चढला. कशावर? माझ्या ओट्यावर. बुटांसकट. चिखलाच्या बुटांसकट, जिथे दूध तापतं तिथे.

मग काय झालं ते मला क्रमाने आठवत नाही. मी म्हटलं, अरे ए खांबा, तुमच्या घरी जेवतात कुठे, छपरावर? माझाच फोटो लावायचा आणि माझ्याच ओट्यावर चिखल करायचा? मेल्यावर तरी मला स्वच्छ ओटा बघू दे. उतर. तसा नको उतरू, पाय उचल. पाय आहेत की ओंडके, वखारीत काट्यावर मोजून घेतलेस का? फडकं घे. ते नाही, ते. आईने फडकं दाखवलं नाही का कधी, की जन्मल्यापासून शिडीवरच आहेस? आणि तुम्ही काय बघता रांगेने उभे राहून, तुमच्या बुटांना काय सोन्याचे तळवे आहेत? आमच्या भाषेतच म्हटलं सगळं. दुकानापुरत्या भाषेत हे मावत नाही.

मुलगा उठून खिडकीकडे धावला. वायरींमुळे खिडकी लागेना. तो ओढत राहिला.

आणि बाहेर अंगणात भाता सुरू झाला. मला वाटलं पोरगं थट्टा करतंय. मी श्वास घेतला की तो थांबे. मी पुढे गेले की तो बरोबर पुढे. मी वर चढले की तोही. एकदा मी मुद्दाम मध्येच थांबले, तर तोही थांबला. आधीपासून माहीत असल्यासारखा.

लाइटवाला ओटा पुसत होता. शब्द एक कळला नसेल, पण नीट पुसत होता. फोटोवाल्याचा कॅमेरा किट किट करत होता, त्याचंही भान नव्हतं मला.

नटी दारात उभी होती, एप्रन घालून. डायरेक्टरला म्हणाली, ही कोण? मी इथे आठवडाभर राहिले, तेव्हा ही कुठे होती?

सगळे माझ्याकडे बघायला लागले. काही तरी बोलायला हवं होतं. मी म्हटलं, आभार.

नातू भाता गळ्यात तसाच ठेवून आत आला आणि डायरेक्टरला हळूच विचारलं, आता काही बदलता येईल का? डायरेक्टर म्हणाला, अर्धं शूटिंग बाहेर गावात आधीच झालंय, आजी पहिल्या पानाच्या आधीच गेलेल्या आहेत. नातू म्हणाला, हो. ते मीच लिहिलंय.

मी हवा खायला दारात गेले. समोरची तिच्या पायरीवर बसली होती, हातात चहाचा कप. म्हणाली, आज खिडकी उघडी वाटतं? नेहमीपेक्षा स्पष्ट आलं.

मी म्हटलं, नेहमीपेक्षा म्हणजे?

म्हणाली, अहो, शब्द कधी कळले नाहीत, पण अंदाज येतो ना. तुमचे हे, मग मुलगा, मग हा नातू, सगळे वाजवायचे चांगले. पण तुमच्या वरचढ कधी कोणी झालं नाही हो.

मग विचारलं, किसणी परत हवी आहे, देता का?

दिली.

११ मे

फोटो लागला. कालचाच एक निवडला. तोंड उघडं, एक बोट वर, केस सुटलेले. ठेवणीतले कपडे दिसतही नाहीत. सूनच म्हणाली, हाच घ्या.

नातू म्हणाला, आजी, सूर सापडला. जुनाच होता. सिनेमात फोटो दिसला की तोच वाजेल. आणि भाता विकत नाही म्हणून मालकाला सांगून आलो. मी म्हटलं, बरं.

शूटिंगवाले जेवायला गेले होते. स्वयंपाकघर रिकामं. मी फोटोखाली त्यांच्या टेबलाशी बसले. सुनेने चहा आणून दिला. एक घोट घेतला आणि तोंड उघडलं. मुलगा खुर्चीतून अर्धा उठला, खिडकीकडे बघितलं, वायरींकडे बघितलं आणि परत बसला. नातू भात्याला हात न लावता माझ्याकडे बघत राहिला.

मी तोंड मिटलं आणि चहा संपवला.

चहा पांचट होता. ही नोंद नाही, तक्रार आहे. कोणापाशी करायची ते सुचलं नाही.